शेवटच्या कडव्यातलं नाव

सोउकपनार, सिवास
२१ ऑगस्ट १९८३

प्रिय हिदिरदादास,

सेनेमचा सप्रेम नमस्कार. इथे यंदा जर्दाळू चांगले आले. कांबेरकाका सुट्टी संपवून परत तुमच्या कोलोनला निघालेत, त्यांच्या हाती हे पत्र देते आहे. टपालातलं वाटेत फोडतात, म्हणून आजवर मोकळं लिहिता आलं नाही. तू दर पत्रात आईची तब्येत विचारतोस आणि मी जर्दाळूंची कळवते. तुझ्या ध्यानात आलंच असेल.

आधी तुझ्या गाण्याचं सांगते. गावातल्या शाळेच्या मास्तरांना शिपायांनी नेलं तेव्हा तू रचलेलं, ज्याच्यापायी तुला देश सोडावा लागला, ते गाणं अजून गातात. फक्त शेवटचं कडवं कुणी म्हणत नाही. शाहिरांच्या रिवाजाप्रमाणे तू त्यात स्वतःचं नाव गुंफलंस ना! तिथे आलं की सगळे गप्प होतात, नुसत्या साझच्या तारा वाजत राहतात.

गंमत म्हणजे चौकीचा नवा हवालदारही ते गुणगुणायचा. घराची झडती घ्यायला आला होता तेव्हा आईने विचारलं, "गळा गोड आहे रे तुझा. कुणाचं गाणं?"

"जुनं आहे आजी. कर्त्याचं नाव कुणाला ठाऊक?"

तो गेल्यावर आई पोट धरून हसली. मग डोईच्या रुमालाचं टोक तोंडात कोंबून रडली.

तेव्हाच तिला धाप लागायची. वसंतात तिने अंथरूण धरलं. मी तुला कळवायला बसले की कागद हिसकावून घ्यायची. "कळलं तर तो धावत येईल आणि विमानतळावरच उचलतील त्याला. माझ्या मातीपायी लेकरू द्यायचं का?" तिने मला शपथ घातली.

दादा, आई गेली. जूनमध्ये, सकाळी, माझ्या मांडीवर. चाळीसाव्या दिवसाचा विधी होईपर्यंत सांगू नको म्हणाली होती. तो केला आणि कांबेरकाकांची वाट पाहत बसले.

अंगणात बायका विलाप गायला बसल्या. रिवाजाने लेकरांची नावं घ्यायची. माझं घेतलं. तुझं येताच आवाज खाली गेले, कारण हवालदार फाटकात उभा होता, तू येतोस का बघायला. आईला निपुत्रिक असल्यासारखं पोचवायचं? मला ते सहन होईना. मी तुझं गाणं उचललं आणि शेवटपर्यंत नेलं.

हिदिर म्हणे, आई, कडी लावू नको दारा,
मी नाही आलो तरी येईल वारा.

बायकांनी ते पुन्हा पुन्हा घेतलं, तुझ्या नावासकट. म्हातारी एलिफमावशी तर छाती पिटत ओरडत होती, "हिदिरची आई गेली गं!"

दुसऱ्या दिवशी मला चौकीवर नेलं. "हे कडवं कुठून आणलंस?" हवालदाराने विचारलं.

"पहिल्यापासून होतं. तुम्हीच अर्धं गात होता."

माझा डावा कान अजून नीट ऐकत नाही. बरा होईल. पण तेव्हापासून आपल्या दारासमोर रोज माणूस बसतो. तुझीच वाट बघतात. कबरीत तुझ्या वाटची माती मीच लोटली. रडायचं ते तिकडेच रड दादा, कांबेरकाकांच्या खांद्यावर रड, पण तिकीट काढू नकोस. तू सापडलास तर ती मरताना तुझ्याविना राहिली ते फुकट जाईल.

तुला डोळे भरून पाहायला आसुसलेली, आणि तू येऊ नयेस म्हणून रोज देवाकडे हात पसरणारी,
सेनेम