वांगं नाही, एवढंच सांगितलं

बाबा,

आज सोमवार, दसरा होऊन नववा दिवस. सकाळचे दहा वाजून पाच मिनिटं झाली तेव्हा मी अकोल्यातल्या आमच्या घरी ओट्यावर सांडलेलं तेल बेसन टाकून पुसत होतो, तुम्ही पुसायचे तसं. तुमची सून बँकेत गेली आहे. तुम्ही तिला पाहिलेलं नाही, तुम्ही गेल्यावर सात वर्षांनी आमचं लग्न झालं. आज जाताना ती माझ्याशी बोलली नाही, डबा मात्र घेऊन गेली. म्हणून हात धुऊन लिहायला बसलो.

काल तिच्या मॅनेजर मॅडम, त्यांचे मिस्टर आणि मॅडमची आई आमच्याकडे जेवायला आले होते. या शाखेत येऊन तिला सहा महिने झाले, पण घरी कोणाला बोलावण्याची ही पहिलीच वेळ. मॅडमनी आधीच सांगून ठेवलं होतं की आईचा चातुर्मास आहे, कांदा, लसूण आणि वांगं चालणार नाही. बाकी सगळं मी चुटकीसरशी ठरवलं, पण जेवणाआधी हातात द्यायला काय करावं ते सुचेना. आपलं भरलं वांगं तर बादच झालं होतं. मग तिने मोबाइलवर मशरूमचा फोटो दाखवला, देठ काढून आत मसाला भरलेला. मी म्हटलं, आजींना चालेल का? ती म्हणाली, "पाकिटावर हिरवा ठिपका आहे नं. मंग?"

मी चोवीस मशरूम निवडले, सगळे एका मापाचे. ओल्या फडक्याने एकेक पुसला. मग चूक केली. वांग्याला चिरा देऊन आपण आधी आतून मीठ लावतो, तसं यांनाही लावलं. दहा मिनिटांत देठ काढलेल्या प्रत्येक वाटीत पाणी साचलं आणि सगळे मऊ पडले. पुन्हा बाजारात गेलो, नवीन चोवीस आणले. या वेळी वाट्या नुसत्या तव्यावर पालथ्या घालून आधी पाणी आटवलं. मसाला मात्र तुमचाच, फक्त कांदा-लसणाशिवाय. खोबरं गॅसच्या आचेवर काळं होईपर्यंत भाजलं, तीळ, शेंगदाण्याचा कूट, काळा मसाला, देठं बारीक चिरून परतलेली, थोडं पनीर, वरून हिरवागार सांबार, कोथिंबिरीची आख्खी जुडी. झाकण ठेवून तेल सुटेपर्यंत शिजवले. ताटात मांडले तेव्हा ते हुबेहूब लहान वांग्यांसारखे दिसत होते.

ताट हातात घेतलं आणि मला अंजनगाव सुर्जीचा तो साखरपुडा आठवला. मी अठरा वर्षांचा, तुमच्या हाताखाली स्वयंपाकाला होतो. मुलीचे काका नागपूरहून मशरूमची खोकी घेऊन आले होते. तुम्ही चुलीपाशी उभे आहात, खांद्यावर पंचा, आणि खोक्यांना हातही लावत नाही.

"माह्या कढईत हे जाणार नाही," तुम्ही म्हणता.

काका हसतात. "महाराज, शाकाहारीच आहे नं. मटण थोडीच म्हणून राहिलो."

"असन शाकाहारी. पण पंगतीत म्हातारी माणसं बसतीन. त्याईच्या घरी हे चालते का नाही, मले काय माहीत?"

"कोणी इचारत नाही हो."

"नाही इचारत, म्हणूनच."

ती खोकी तशीच राहिली आणि पुढच्या महिन्यातलं त्यांच्याच घरचं लग्न दुसऱ्या आचाऱ्याला गेलं. अमरावतीला परत येताना एसटीत मी म्हटलं, "कोणाले समजलं असतं, बाबा?" वलगाव गेल्यावर तुम्ही म्हणालात, "इचारलं तेवढंच सांगणं हे दुकानदाराचं काम आहे. लोक आपल्या हातचं डोळे मिटून खातेत." तेव्हा मला तुमचा राग आला होता. लग्नाचं काम हातचं गेलं, याचंच मला दुःख होतं.

काल मी ताट घेऊन बाहेर गेलो. तुमच्या सुनेने सगळ्यांसमोर सांगितलं, "आजचं सगळं यांनीच केलं. आचारी आहेत नं हे." असं ती परक्या माणसांपुढे पहिल्यांदाच म्हणाली. आजींनी एक मशरूम उचलला, निरखून पाहिला आणि विचारलं, "काहून रे बेटा, वांगं तं नाही नं हे?"

"नाही आजी, वांगं नाही," मी म्हणालो.

खोटं काहीच नव्हतं. त्यांनी खाल्ला. दुसरा घेतला. तिसरा अर्धा खाल्ला तेव्हा मी म्हणालो, "आजी, हे मशरूम आहे. भूछत्र. तुमच्याकडे चालते का, हे मी आधी इचाराले पाहिजे होतं."

मॅडम म्हणाल्या, "आई, शाकाहारीच असते ते."

"तू थांब व." आजींनी अर्धा मशरूम ताटलीत ठेवला. "आधी काहून नाही सांगतलं रे?"

"तुमी वांग्याचं इचारलं, मी वांग्याचंच सांगतलं."

"हुशार आहेस," त्या म्हणाल्या. त्या हसत नव्हत्या. उठून बेसिनपाशी गेल्या, चूळ भरली, परत येऊन बसल्या. "आता बाकीचं काय काय आहे ते सांग. सगळं सांग."

मी उभ्यानेच सांगत गेलो. वरणात काय, फोडणीला काय, हिंग कोणता, श्रीखंडाचा चक्का घरचा की विकतचा. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं. मग वरण-भात तेवढा जेवल्या. मॅडमच्या मिस्टरांनी एकट्याने नऊ मशरूम खाल्ले, पण बोलणं काही पुन्हा जमलं नाही. पाहुणे गेल्यावर तुमची सून भांडी आवरताना म्हणाली, "सांगाचंच होतं तं ताट ठेवतानाच सांगाचं नं. अर्धं खाल्ल्यावर कोणी सांगते का?"

ती बरोबर बोलली. मी म्हणालो, माझ्या लक्षात आलं नाही. हे मात्र खोटं होतं. पहिला मशरूम खाल्ल्याबरोबर आजी म्हणाल्या होत्या, "हाताले चव आहे रे पोराच्या. कोणापाशी शिकला?" मी म्हणालो, बाबांपाशी. त्यांनी दुसरा घेतला आणि तुमच्याबद्दल विचारू लागल्या, कुठले, कोणाकोणाकडे स्वयंपाक करायचे. अकोल्यात मला तुमच्याबद्दल आजवर कोणी विचारलं नव्हतं. मी सांगत राहिलो.

हे पान मी तिला दाखवणार नाही. तुम्हाला पाठवण्याची सोय असती तरी पाठवलं नसतं, बाबा. अजून थोडं तुमच्याबद्दल बोलता यावं म्हणून मी गप्प राहिलो, हे तुम्हाला आवडलं नसतं.