मामांच्या खुर्चीची जुळी बहीण

तीर्थरूप मामांना,

साष्टांग नमस्कार (मनातल्या मनात, सेटवर सगळीकडे ओला रंग आहे, जमिनीवर पडलो तर तिथेच चिकटेन). तब्येत कशी आहे? कंबर काय म्हणते? कंबरेचं मी उगाच विचारत नाही. हे पत्र शक्यतो खिडकीपाशी उभं राहून वाचा. उजेड चांगला असतो तिथे.

तुम्ही माझा फोन उचलत नाही, तेही बरोबरच आहे. तुम्ही शब्द टाकून मिळवून दिलेली पुलांचे नकाशे काढायची नोकरी सोडून भाचा सिनेमाचा कलादिग्दर्शक होतो आणि जन्मभर प्लायवूडच्या भिंती उभ्या करून पाडत बसतो, हे कुठल्या मामाला रुचेल? 'तुझ्या हातची एक तरी वस्तू वर्षभर टिकली का रे?' असं तुम्ही चारचौघांत विचारलं होतंत. तेव्हा मला उत्तर सुचलं नाही. (अजूनही सुचलेलं नाही, पण कालपासून जरा वेगळ्या कारणानं.)

तर झालं असं. या सिनेमात एक निवृत्त न्यायाधीश आहेत. तापट, एककल्ली, कुणाचं ऐकून न घेणारे. दिग्दर्शक म्हणाले, खुर्ची बघताच माणूस कळला पाहिजे. मला तुमच्याशिवाय कुणी आठवेना (रागावू नका, हा गौरव आहे). तुम्ही लेकीकडे गेला होतात, तेवढ्यात मामीला विचारून तुमची खुर्ची उचलून आणली. पण कथेत चोर घरात शिरतो आणि न्यायाधीश तीच खुर्ची त्याच्या पाठीत घालतात. तुकडे तुकडे. आता तुमच्या सागवानी खुर्चीचे तुकडे करायची माझी काय बिशाद! म्हणून तिची जुळी बहीण तयार केली. लाकूड हलकं, ठिसूळ. पाय आतून अर्धेअधिक कापलेले, फटींत मेण, वरून रंग. खुर्चीच्या हातावरचा तुमच्या कपाचा गोल डाग, किल्लीचा ओरखडा, वर्षानुवर्षं बसून पडलेला खळगा, सगळं हुबेहूब उतरवलं. मामा, दोघी शेजारी ठेवल्या तर मलाच ओळखू येईनात. म्हणून खोटीच्या बुडाशी खडूनं फुली मारली. आमचा रंगारी भारी टापटिपीचा. त्यानं ती पुसली.

गेल्या आठवड्यात बसण्याची दृश्यं आटोपली, तशी खरी खुर्ची तुम्ही यायच्या आत घरी पाठवून दिली. पोचवणाऱ्याला ती फार हलकी लागली म्हणे. तो खूश होता, म्हणून बोलला नाही. काल मारामारी चित्रित झाली. न्यायाधीश झालेले नट म्हणाले, आज खुर्ची जड लागते. आम्ही म्हटलं, वा, भूमिकेत शिरलात! चोराचं काम करणारा गडी आता खांद्याला प्लास्टर घालून पडला आहे. खुर्चीला ओरखडासुद्धा नाही (किल्लीचा तेवढा आहे). तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला, की ही खरी. मग तुमच्या घरी गेली ती कोण?

फोनवर फोन केले. तुम्ही कापलेत. मामी आता लेकीकडे आहे, तिला विचारलं तर म्हणते, 'अरे, खूश आहेत मामा! सांगत होते, खुर्ची आता कशी अंगाला बसते!' मी फोन ठेवला आणि तडक टेम्पो बोलावला. मामा, चारचौघांतलं ते बोलणं मला लागलं होतं, अजून लागतं. पण बाबा गेल्यावर माझ्या पाठीवर हात ठेवणारे तुम्हीच होतात. तुम्हाला माझ्या पायी इजा झाली तर मी कुठे तोंड दाखवू?

पत्र आणणाऱ्या टेम्पोत तुमची खरी खुर्ची आहे. तीत खुशाल बसा.

तुमचा आज्ञाधारक (नोकरीचा विषय सोडून)
भाचा

ता. क. : माझं न ऐकता बसूनच वाचत असाल, तर सावकाश उठा. खुर्चीच्या हातांवर जोर देऊ नका. तेही कापलेले आहेत.

आणखी ता. क. : खोटी शाबूत असेल तर टेम्पोवाल्याजवळ परत द्या, उद्या ती बदली चोराच्या पाठीत मोडायची आहे. आणि आठवडाभर तुमचं वजन पेलूनही ती टिकली असेल, तर माझ्या हातच्या वस्तूंबद्दलचे ते शब्द मागे घ्या. (दिग्दर्शकांना मात्र कळू देऊ नका. न मोडणारी खुर्ची केली म्हणून मला काढून टाकतील.)

शेवटचं ता. क. : मोडलीच असेल, तर आधी पुढचे पाय गेले की मागचे, एवढं डॉक्टरकडे निघण्यापूर्वी फोन करून सांगा. दुसरी त्याप्रमाणे करायला घेतो.