अण्णांचे दात जायच्या आधी

मी, खाली सही करणारी, वय एकोणसत्तर, धंदा वाद्यं वाजवणाऱ्या माणसांवर स्वतःच्या खर्चाने माहितीपट काढणे, पूर्ण शुद्धीवर, कुणाच्याही दबावाखाली न येता (दबाव टाकणारे थकले) आणि भलत्याच आनंदात हे मृत्युपत्र लिहून ठेवते. अक्षर हललंय ते आनंदाने. कोर्टाने गैरसमज करून घेऊ नये.

घाईचं कारण असं. क्लॅरिनेटवाले अण्णा वर्षानुवर्षं मला हाकलत आले. "ऐकायचं तर ये, तो कॅमेऱ्याचा डबा बाहेर ठेव." आणि काल त्यांचाच फोन! "पुढचे दोन दात हलतायत. उद्या दुपारी काढणार. दात गेले की फुंकणं गेलं. सकाळी ये, डब्यासकट." मी खोलीभर नाचले! नेमकं आजच माझ्या हृदयाचं ऑपरेशन होतं, ते परवावर ढकललं. मधल्या मध्ये माझं काही बरंवाईट झालं तर पुढीलप्रमाणे व्हावे.

१. राहती खोली, गळक्या नळासह, धाकट्या बहिणीला. हेडफोन तिच्या नवऱ्याला. माझ्या प्रत्येक फिल्मला ते घोरले. निदान आता आवाजाचा त्रास होणार नाही.

२. बँकेत जे काही उरलं असेल ते अण्णांच्या कवळीसाठी. चांगली भारीतली बसवावी. कुणी सांगावं, फुंकता येईलही!

३. सगळं चित्रीकरण माझ्या संकलकाला, म्हणजे कात्रीला. वाजवणं थांबलं तरी मी कॅमेरा बंद करत नाही. शेवटच्या सुरानंतर माणसाचा जो चेहरा होतो, त्याच्यासाठीच तर जन्मभर हा खटाटोप केला. कात्री दर वेळी म्हणाला, "मॅडम, इथे काहीच होत नाहीये," आणि कापून मोकळा झाला. अरे गाढवा, तिथेच तर होतं! अण्णांचा चेहरा कापलास तर भूत होऊन मानगुटीवर बसेन. ही अट कायदेशीर समजावी.

४. कॅमेरा बहिणीला. माझ्यावर नजर ठेवायला ती आज सोबत येतेय. अण्णा वाजवत असताना मी कोसळले, तर तिने आधी कॅमेरा सांभाळावा, मग मला. मला उचलायला कुणीही धावेल. अण्णा मात्र पुन्हा वाजवणार नाहीत.

हे वाचून ती म्हणाली, "ताई, तू मेलीस तरी मी त्या डब्याला हात लावणार नाही." मग रडली. मग बॅटऱ्या चार्ज झाल्यात का ते बघून आली.

सही : (केली. टॅक्सीवाला हॉर्न वाजवतोय.)

साक्षीदार :
१. हृदयाचे डॉक्टर, शेवटचं समजवायला आले आणि तावडीत सापडले. त्यांचा शेरा : "मन ठणठणीत. हृदयाबद्दल मी काहीही लिहून देणार नाही."
२. खालच्या मजल्यावरचे शिंपी.

ठिकाण : राहती खोली, उंबरठ्याजवळ.
दिनांक : शूटिंगचा दिवस, सकाळ.

ता. क. बहिणीने आत्ताच विचारलं, "चालू कुठून करायचा?" दाखवलं. "आणि बंद?" ते दाखवलेलं नाही.