शुक्रावरचा समुद्र आणि ओलं गोणपाट

२८ जून, लोणार

एक कोडं आहे, आणि ते माझ्या एकटीच्याच लक्षात आलं असेल असं नाही. जुन्या अंतराळकथांमध्ये शुक्रावर समुद्र असतात, मंगळावर कालवे असतात. जवळपास सगळं चूक! पाठ्यपुस्तकात सगळं अचूक. मग पोरांच्या वह्यांच्या मागच्या पानांवर यानांची चित्रं उगवतात ती चुकीच्या गोष्टी वाचून; अचूक धडा वाचून एकही का उगवत नाही?

आज मुख्याध्यापक भगवंतराव सरांनी बोलावून घेतलं. महामायानं वार्षिक परीक्षेत ‘शुक्रावर समुद्र आहे’ असं लिहिलं होतं, म्हणून तिच्या घरून तक्रार आली आहे. सर म्हणाले, ‘मॅडम, तुमचं ते गोष्टींचं कपाट रद्दीत टाका. पोरं चुकीचं शिकून राह्यले!’

शनिवारच्या वाचनासाठी मी एकेक करून जमवलेली पुस्तकं. टाकणार नाही!

३० जून

महामायाला विचारलं. ‘समुद्र नाई, मले आता मालूम आहे मॅडम. पण मंग गोष्टीतल्या त्या जहाजानं उतरावं कुठं?’

हेच! धडा उत्तर देऊन दार लावून घेतो. जुना कथाकार मात्र एकच गोष्ट गृहीत धरतो – समुद्र आहे – आणि पुढे तिच्याशी काटेकोर प्रामाणिक राहतो. समुद्र आहे म्हणजे ढग. ढग आहेत म्हणजे तारे दिसणार नाहीत. मग नावाड्यानं दिशा कशी ओळखावी? वाचणारा नकळत कामाला लागतो. समुद्र खोटा ठरला, तरी कामाला लागलेलं डोकं थांबत नाही.

२ जुलै

सर सोनाळ्याचे, शेतकऱ्याघरचे. घरच्या सोयाबीनच्या बियाण्याची उगवण-चाचणी टीचर्स रूममध्येच उलगडून बसले होते – ओल्या गोणपाटात गुंडाळलेले दाणे, पांढरे कोंब.

‘सर, पोत्यावरचं नाव वाचून पेरत नाही तुम्ही?’

‘नाई बा! उगवून पाहा लागते.’

‘मग माझ्या गोष्टीही उगवून पाहा.’

ठरलं! आठवी अ ला शुक्राचा धडा, आठवी ब ला समुद्राची गोष्ट. गृहपाठ कोणालाच नाही. आठवड्यानं कोण आपणहून काय करून आणतं, ते पाहायचं. ब मध्ये काही उगवलं नाही, किंवा अ इतकंच उगवलं, तर कपाट मी रिकामं करायचं.

७ जुलै

काहीच नाही. दोन्हीकडे.

१० जुलै

उगवलं! ब मधल्या महामायाचं यान शुक्रावर उतरतच नाही, ढगांत तरंगतं. जमीन नाही, म्हणून छताला ओली गोणपाटं टांगून त्यांत तूर लावली आहे. खाली प्रश्न: ‘यान गोल फिरलं तर मुळं कोणत्या बाजूला जातील?’ याचं उत्तर मलाही शोधावं लागेल! ब मधल्याच समीक्षानं तर अख्ख्या यानाचा आराखडा आणला.

आणि मग शिवम. पुठ्ठ्याचं यान घेऊन आला. शिवम अ वर्गातला!

‘तुला गोष्ट कुठे मिळाली?’

‘मधल्या सुट्टीत समीक्षानं सांगतली ना! अर्धीच सांगतली, मॅडम. बेल झाली. मंग बाकीची मीच केली.’

त्याच्यामागे अ मधली आणखी पोरं, तितकीच!

सर पोट धरून हसले. ‘दोन्ही पोत्यांतलं बी मिसळलं, मॅडम. चाचणी बाद!’

बादच. शिवाय ‘अ इतकंच उगवलं तर कपाट रिकामं’ हा नियम माझाच, आणि ते मी सर्वांसमोर मान्य केलं. पण पुढे मी हेही म्हणाले, ‘बाद चाचणीवर मी कपाट रिकामं करणार नाही, सर. करायचं तर तुम्ही करा, पोरांच्या डोळ्यांदेखत!’

सरांनी किल्ली मागून घेतली. दिली.

१२ जुलै

शनिवार. कपाटाला कुलूप. मी पुस्तकाविना वर्गात गेले, अ आणि ब एकत्र बसवले. गोष्ट तोंडानं सांगितली आणि यान ढगांत शिरताच थांबले. केवढा ओरडा! व्हरांड्यात सर उभे होते. बेल झाली तरी हलले नाहीत.

१४ जुलै

कपाट रिकामं! किसनराव शिपायांना विचारलं, रद्दी कधी नेली?

‘रद्दी कायची? सरायनं सकाळीच पोरांच्या डोळ्यांदेखत एकेकाले एक पुस्तक देल्लं. म्हणे, अर्धं वाचा अन् मंग दुसऱ्याले द्या. उगवलेलं बी कोणी पोत्यात ठेवते काय?’

माझ्यासाठीही एक राखून ठेवलं होतं. आता ते अर्ध्यावर मिटून जेवायला बसते. घास घेताना यान कुठे उतरेल हे मनात आलं, तर बी जिवंत आहे.