मी ट्रायमिथाइलझॅन्थीन घेत नाही

६ जानेवारी, सोमवार. संध्याकाळी.
अकोल्याच्या स्थळाचा निरोप आला. बायोडाटा पसंत. १९ तारखेला, रविवारी, मुलगी पाहायला बोलावलं आहे. मुलीचं नाव हर्षा. बी.एस्सी., विषय केमिस्ट्री. वडील भगवंतराव, चहापत्तीचे होलसेल व्यापारी. मी स्वतः मेडिकल स्टोअरवर आहे (डी.फार्म., पहिलं वर्ष, तूर्त थांबलेलं), त्यामुळे विषय दोघांचा एकच. याआधीची चार स्थळं गेली. चारही वेळा दोष समोरच्यांचा होता. पण हे स्थळ जाऊ द्यायचं नाही. फोटोत ती हसते आहे आणि ते हसणं मला बरं वाटलं.
बायोडाटा पुन्हा तपासला. ऱ्हस्व-दीर्घाची एकही चूक नाही.

७ जानेवारी. दुपारी, दुकानात.
मुलगी केमिस्ट्रीची आणि सासरे चहाचे, म्हणून चहाची केमिस्ट्री मोबाइलवर वाचायला घेतली. धक्का बसला. चहात कॅफीन असतं हे माहीत होतं. पण कॅफीन हे उत्तेजक द्रव्य आहे, आणि त्याचं रासायनिक नाव १,३,७-ट्रायमिथाइलझॅन्थीन आहे. एवढं मोठं नाव साध्या गोष्टीला कोणी देत नाही. बायोडाटात स्वच्छ लिहिलं आहे: मुलगा निर्व्यसनी. आणि मी सकाळपासून झोपेपर्यंत ट्रायमिथाइलझॅन्थीन घेतो. म्हणजे बायोडाटा खोटा.
मालक महादेवरावांना विचारलं, याला व्यसन म्हणायचं का. ते म्हणाले, "चंदन, तू पहिले त्या बाईले खोकल्याचं औषध दे. केव्हाची खोकलून राहिली."
निश्चय: उद्यापासून चहा बंद. कायमचा. (आज संध्याकाळचा चहा धरायचा नाही, कारण निश्चय दुपारी झाला आणि चहा आईने आधीच ठेवलेला होता.)

८ जानेवारी. सकाळी.
नुसतं सोडून चालणार नाही, अर्थही आला पाहिजे. ट्राय म्हणजे तीन. मिथाइल म्हणजे मिथाइल. झॅन्थीन हा ग्रीक शब्द, म्हणजे पिवळं. थोडक्यात, तीन पिवळे मिथाइल. १, ३, ७ हे बहुधा त्यांचे नंबर.
शब्द वापरला की पक्का होतो, म्हणून वाक्यात उपयोग सुरू केला. आईला म्हणालो, माझ्यासाठी ट्रायमिथाइलझॅन्थीन उकळू नकोस. आई म्हणाली, "मंग काय उकळू? मायं डोकं?" दूध उकळ म्हणालो. दुधावर साय आली. मला साय चालत नाही. तसाच निघालो.

८ जानेवारी. रात्री.
डोकं दुखतं आहे. थंडीमुळे.

९ जानेवारी.
डोकं. गिऱ्हाइकाने बीपीची गोळी मागितली, मी अॅसिडिटीची दिली. त्यानेच परत आणून दिली, नाहीतर कठीण होतं. महादेवराव आई-वडिलांवरून बोलले. काउंटरवरची डोकेदुखीची गोळी घेतली. दहा मिनिटांत एकदम फ्रेश. चहाशिवाय माणूस उत्तम जगू शकतो याचा हा पुरावा.

१० जानेवारी.
गोळी सकाळी एक, दुपारी एक. चहाची आठवणसुद्धा नाही. इच्छाशक्ती म्हणतात ती हीच.

११ जानेवारी, शनिवार.
नितेश चांदूर बाजारहून संत्र्यांची गाडी घेऊन आला. नितेश माझा चुलत भाऊ, माझ्याहून तीन महिन्यांनी मोठा. दहावी दोनदा. संत्र्यांचा धंदा करतो. त्याच्यासाठीही स्थळं पाहतात, पण मुलींना शिकलेला मुलगा हवा असतो. अकोल्याला तो सोबत येणार आहे, कारण गाडी त्याची.
त्याला निश्चय सांगितला. तो म्हणाला, "आबे, चहाच्या व्यापाऱ्याच्या घरी जाऊन चहाले नाही म्हणशीन? पोरीनं आणलेला कप वापस गेला म्हंजे पोरगी नापसंत, हे साऱ्या वऱ्हाडाले माहीत हाये." मी त्याला समजावलं की शिकलेल्या लोकांत कारण सांगितलं की गैरसमज होत नाही. उलट भगवंतरावांनी आयुष्यभर जो माल विकला त्याचं खरं नाव त्यांना जावयाकडून कळेल. नितेश माझ्याकडे बराच वेळ पाहत राहिला. प्रभावित झाला असावा.

१२ जानेवारी.
दुकान बंद, गोळी नाही. बुधाजीच्या टपरीवर उभा राहिलो. फक्त उभा. बुधाजीने सवयीने ग्लास पुढे केला. मी म्हणालो, चहा सोडला. तो म्हणाला, "बरं झालं, मंग हा फेकून देऊ का?" अन्न फेकणं चुकीचं आहे. घेतला. पण चहा म्हणून नाही. औषध हळूहळू कमी करतात, तशी ही एक मात्रा. रासायनिक नाव याच कामाला येतं.
बुधाजीला नावही शिकवलं. त्याने ओरडून सांगितलं, "ए, चंदनभाऊले एक ट्राय दे रे, आलं टाकून!"

१३ जानेवारी.
तीन मात्रा.

१४ जानेवारी, संक्रांत.
तीळगुळासोबत प्रत्येक घरी चहा. सणाला नाही म्हणणं बरं दिसत नाही. सण मोजायचा नाही.

१६ जानेवारी.
टपरीवर आता सगळेच "ट्राय" मागतात. अमरावतीत विज्ञानाचा प्रसार माझ्यामुळे झाला हे लोक विसरतील, पण असो.

१८ जानेवारी, शनिवार.
आढावा. चहा सोडून अकरा दिवस झाले. अपवाद वगळता एकही चहा घेतलेला नाही. उद्याचं वाक्य आरशासमोर म्हणून पाहिलं. न अडखळता. आई दारातून म्हणाली, "बाप्पा, कप समोर आला का चुपचाप तोंडाले लाव. मी हात जोडतो तुले." आईचं शिक्षण कमी आहे. तिचा दोष नाही.
खिशात दोन गोळ्या ठेवल्या. प्रवासासाठी.

१९ जानेवारी, रविवार. रात्री, घरी आल्यावर.
सविस्तर लिहितो.
मूर्तिजापूरला नितेशने गाडी थांबवली. आई, बाबा आणि नितेश चहाला उतरले. मी गाडीत बसून गोळी घेतली. पाणी पोहोचलं नाही, घशात अडकली, पण गेली.
अकोल्याचं घर चांगलं. खाली दुकान, वर घर. जिन्यातच चहापत्तीचा असा वास की मी एक पायरी चुकलो. भगवंतराव भारी माणूस, आवाज मोठा. म्हणाले, "आजची पत्ती खास हाये. दुकानात विकत नाही मी ते. घरच्या माणसाईसाठी." मग हर्षा ट्रे घेऊन आली. फोटोपेक्षा बरी. कप माझ्यासमोर धरला. वाफ माझ्या चष्म्यावर आली. मी सरळ बसलो आणि म्हणालो, माफ करा, मी ट्रायमिथाइलझॅन्थीन घेत नाही.
परिणाम झाला. भगवंतरावांनी बाबांना हळूच विचारलं, "पोराले काही बिमारी हाये का?" बाबा छताकडे पाहायला लागले. हर्षा म्हणाली, "बाबा, ते चहा पेत नाही म्हणून राहिले." लगेच समजलं तिला! मनं जुळणं म्हणतात ते हेच. भगवंतराव म्हणाले, "चहा नाही? मायाच घरी?" मी त्यांना उत्तेजक द्रव्यांविषयी थोडक्यात माहिती दिली. मधूनच आईने पाय दाबला, पण मुद्दा पूर्ण केला.
तेवढ्यात नितेशने माझा कप उचलला. म्हणाला, "काका, याले सोडा. याचा कप मी घेतो." बशीत ओतून, आवाज करत प्यायला. मग स्वतःचा. मग चहा कोणी बनवला तेही विचारलं. मग म्हणाला, "अजून अर्धा भेटन का? असा चहा मी जिंदगीत नाही पेलो." मला लाजेने खाली पाहावं लागलं. भगवंतराव मात्र सभ्य माणूस, त्यांनी तसं दाखवलं नाही. उलट उठून स्वतः किटली आणली आणि नितेशशेजारी बसून संत्र्यांचे भाव विचारत राहिले.
नंतर मला आणि हर्षाला गच्चीवर दहा मिनिटं बोलायला दिली. मी नावाचा अर्थ सांगितला. तीन पिवळे मिथाइल म्हणालो तेव्हा ती म्हणाली, "पण कॅफीन पांढरं असते." मी म्हणालो, ग्रीसमध्ये पिवळं असेल. ती हसली. तेच फोटोतलं हसणं. मग विचारलं, "चहा सोडला तं डोकं नाही दुखत तुमचं?" मी म्हणालो, कधीच नाही, आणि दुखलंच तर गोळी आहे. खिशातली दाखवली. तिने पट्टी उलटी करून वाचली. म्हणाली, "याच्यात बी कॅफीन हाये. हे पाहा, लिहिलं हाये." हे मला माहीत होतं. फक्त वाचलेलं नव्हतं.
दहा मिनिटं संपली. तिच्याविषयी विचारायचं राहून गेलं. आयुष्य पडलं आहे विचारायला.
एकंदरीत: उत्तम.

२० जानेवारी.
आई बोलत नाही. बाबा नितेशशीच बोलतात. गोळ्या बंद केल्या. बुधाजीकडे दोन मात्रा.

२२ जानेवारी.
भगवंतरावांचा बाबांना फोन. अर्धा तास. बाबा सगळा वेळ नितेशचंच सांगत होते: बाग किती, गाडी कोणाच्या नावावर, स्वभाव कसा. चांगली माणसं मुलाच्या पूर्ण खानदानाची चौकशी करतात.

२५ जानेवारी.
नितेश अकोल्याला एक क्रेट संत्री पोहोचवायला गेला. अकोल्याला संत्री मिळत नाहीत का? असो. त्याला सांगितलं, हर्षाला माझा नमस्कार सांग. "सांगतो," म्हणाला. माझ्याकडे न पाहता.

२७ जानेवारी.
नितेश रात्री तिथेच राहिला. गाडी बिघडली म्हणे. परत आला तेव्हा गाडी ठीक होती. हातात खास पत्तीचं पाकीट.

३० जानेवारी. दुपारी.
साधना काकू, म्हणजे नितेशची आई, पेढे घेऊन आल्या. आईने मला आतल्या खोलीत बसवलं आणि सांगितलं. मग सगळं थोडं थोडं कळत गेलं. अकोल्याहून होकार आला आहे. नितेशसाठी.
मी आईला विचारलं, माझ्याबद्दल काय म्हणाले. आई म्हणाली, "पोरगं चांगलं हाये म्हणत. पण आमच्या घरच्या चहाले नाही म्हणणारा जावई आमच्या घरात बसन कुठी?" मी विचारलं, आणि ती? आईने एक पेढा माझ्या हातात दिला. मग म्हणाली, "ते म्हणे, त्याईनं मले काहीच नाही विचारलं. नितेशनं विचारलं, चहा कोणी बनवला म्हणून. म्या बनवला सांगितलं तं म्हणे, मंग अजून अर्धा घेतो."
पेढा खाल्ला.

३१ जानेवारी.
विचार करता झालं ते ठीकच झालं. केमिस्ट्री शिकूनही तिला नावाचा अर्थ माहीत नव्हता. डोकं दुखतं आहे. दुकानात गेलो नाही.

१ फेब्रुवारी.
नितेश आला. दारातच उभा राहिला. म्हणाला, "मले शिव्या दे, पण बोल." मी म्हणालो, तुला ऱ्हस्व-दीर्घ येत नाही. तो म्हणाला, "हाव." मग तो आत येऊन बसला. त्याने बुधाजीकडून दोन ग्लास मागवले. एक माझ्यापुढे ठेवला. मी नाही घेतला. त्याने दोन्ही प्यायले.
नवा निश्चय: आता चहा खरोखर बंद. अपवाद नाही, मात्रा नाही, गोळी नाही. लोकांना दाखवून देणार.

९ फेब्रुवारी, रविवार. अकोला. नितेशचं साक्षगंध (साखरपुडा).
आठ दिवस झाले, आणि या वेळी खरे. डोक्यात कोणीतरी कुटतं आहे. अपवाद एकही नाही.
पाहुणे भरपूर. चहा अर्थातच भगवंतरावांच्या खास पत्तीचा. दोन मोठी पातेली. चहा कोणाच्या हवाली करायचा यावर मांडवात चर्चा झाली, कारण वाटणारी पोरं मागे जाऊन आधी स्वतःच पितात. साधना काकू सगळ्यांसमोर म्हणाल्या, "चंदनले उभा करा ना पातेल्यापाशी. तोच एक असा हाये का तोंडाले नाही लावत." भगवंतरावांनी पहिल्यांदाच माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि चहा वाढायचं वगराळं माझ्या हातात दिलं.
सकाळपासून तिथेच उभा आहे. वाफेने चष्म्यातून काही दिसत नाही. आताच हर्षा नव्या साडीत आली. म्हणाली, "भाऊजी, थकले असान. एक कप घ्या ना, कोणी नाही पाहत." सगळे पाहत होते. मी म्हणालो, मी घेत नाही.
ती तिचा कप घेऊन नितेशकडे गेली. मी तिला काठोकाठ भरून दिला होता.
चहा फार छान झाला आहे, असं सगळेच म्हणतात.