चंद्रावतीची चुंबळ

काळनाद अकादमी,
नवीन पनवेल,
४ नोव्हेंबर

ती. गंगामावशीस,
कीर्तीचा सा. न. वि. वि.

पत्रं लिहून बोटं दुखली, पण इथे मोबाइलला बंदी. रिंग वाजली की वस्तूंत मुरलेले जुने आवाज बिघडतात, असं इंद्रजीत सर म्हणतात. वस्तूत आवाज मुरतो आणि तिच्यावरचा काळ मागे सारला की तो परत ऐकू येतो, एवढीच ही विद्या. पण ती मला येईल तर शपथ. पाच महिन्यांत मी स्वयंपाकघराच्या भिंतीतून आदल्या दिवशीच्या कुकरच्या तीन शिट्ट्या काढल्या, बस्स. परवा कळंबोलीच्या लोखंड बाजारातली सळी घेऊन दोन तास बसले, तर ट्रक मागे घेतानाची पिपाणी वाजली. सगळा वर्ग हसला.

आता पंचवीस तारखेला सहामाही परीक्षा आहे. घरची एक वस्तू आणायची. तिच्यात साठलेला आवाज एकदाच निघतो, मग ती रिकामी. मला आईचा आवाज हवाय. ती गेली तेव्हा मी तीन वर्षांची होते. चेहरा फोटोत तरी आहे, आवाज कुठेच नाही. तुझ्या ट्रंकेत तिची कापडाची चुंबळ आहे ना? अकरा वर्षं ती डोक्यावर ठेवून, वर म्हावऱ्याची पाटी घेऊन आई उरणभर हाका मारत फिरली. तिच्या गळ्याच्या इतकं जवळ दुसरं काही नव्हतं. तेवढी पाठव.

प्रणितदादाला जासईच्या कंटेनर यार्डात डबा वेळेवर खायला सांग. माझ्यावरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी,
कीर्ती

मोरा, उरण,
१२ नोव्हेंबर

चि. कीर्तीस,
मावशीचे अनेक आशीर्वाद.

चुंबळ पाठवते आहे. ट्रंक उघडली तर म्हावऱ्याचा वास अजून तसाच. अशी पाठवली असती तर तुझे सर म्हणाले असते, कोळणीच्या घरी साबण मिळत नाही वाटतं. आपल्या घरचं फडकं परक्याच्या दारी मळकं जात नाही, हे तुझ्या आजीनं आम्हा दोघी बहिणींना लहानपणीच बजावलं होतं. सोड्याच्या गरम पाण्यात भिजवली, दगडावर तीनदा आपटून धुतली, निळीत बुडवली. शेजारच्या जनीनं विचारलं, नवी घेतलीस का.

सोबत सुके बोंबील आहेत. त्यांतून काही आवाज काढत बसू नकोस, भाजून खा. प्रणित डबा खातो, पण संध्याकाळी सातला. तुझं ऐकेल असं वाटतं, माझं तर ऐकत नाही.

पोटभर जेव आणि आठवण ठेव.

तुझी,
गंगामावशी

नवीन पनवेल,
१६ नोव्हेंबर

ती. मावशीस,
सा. न.

पार्सल उघडलं, चुंबळ नाकाशी धरली, तर नुसता सोड्याचा वास. मावशी, काय केलंस हे? आवाज घामात असतो, मिठात असतो, त्या मळात असतो. तू आईला सोड्याच्या पाण्यात भिजवलंस आणि मोरीत ओतून दिलंस. सर म्हणाले, तीनदा धुतलेल्या कापडात काही उरत नाही, दुसरी वस्तू बघ. दुसरी आहे कुठे?

तू माझी आई असतीस तर धुण्याआधी एकदा विचारलं असतंस.

बोंबील मिळाले. जास्त लिहिण्याची इच्छा नाही.

कीर्ती

मोरा, उरण,
२० नोव्हेंबर

चि. कीर्तीस,
आशीर्वाद.

तुझं चार तारखेचं पत्र मी काढून दोनदा वाचलं. सळी आहे, कुकर आहे, प्रणितचा डबाही आहे. धुऊ नकोस, असं कुठेच लिहिलेलं नाही. शिकलेली माणसं महत्त्वाचं तेवढं लिहायला विसरतात आणि मग अडाण्यावर डाफरतात.

तरी दोन दिवस घर उलटंपालटं केलं. चंद्रावतीची पाटी केव्हाच मोडली. तिचा कोयता होता, त्याला शेजारच्या जगननं नवी मूठ बसवली आणि धार काढली. मला रडू आलं नाही, माझाच राग आला. तिचा आवाज कसा होता ते कागदावर सांगता येत नाही. तुझ्या पत्रातली ती एक ओळ मी पुन्हा वाचली नाही.

परीक्षेला उपाशी जाऊ नकोस.

गंगामावशी

नवीन पनवेल,
२६ नोव्हेंबर

ती. मावशीस,
कीर्तीचा सा. न. वि. वि.

काल चुंबळ घेऊनच परीक्षेला बसले. चिडूनच बसले, दुसरं होतं काय माझ्याकडे? बराच वेळ काही नाही. सर घड्याळ बघायला लागले. मग पाण्याचा आवाज आला, दगडावर कापड आपटल्याचा आला, आणि मग तू बोललीस.

"चंद्रे, तुजी पोर तुजा आवाज मागते. कसा व्हता गो तो?" मग तू हाक मारलीस, "म्हावरा घ्या गो, म्हावराऽऽ", आणि म्हणालीस, "असाच तुजा दम शेवटाला तुटायचा." ती हाक तू चारदा मारलीस. तीनदा स्वतःवरच चिडलीस, जमत नाय म्हणून. चौथ्यांदा मारलीस आणि गप्प झालीस. मला वाटतं, चौथ्यांदा जमली.

नंतर तू जे बोललीस ते वर्गात सगळ्यांनी ऐकलं. "येकदा तिनं तुला आयकलं का मंग ती माजी राहील का नाय?"

मावशी, हे सोळा वर्षांत मला एकदाही विचारलं नाहीस? विचारलंस ते दगडाला आणि निळीच्या पाण्याला? मला तुझा भयंकर राग आलाय. त्या ओळीबद्दल स्वतःचा त्याहून जास्त आलाय. ती ओळ खोडून टाक, नाहीतर पत्रच चुलीत घाल.

पास झाले. चुंबळ आता रिकामी आहे, ती परत पाठवते. मिळाली की बाजारात जाताना रोज डोक्यावर घे आणि तुझ्याच आवाजात मोठ्यानं हाका मार. शनिवारी येतेय, भात जास्त टाक.

सदैव तुझीच, अजून थोडी रागावलेली,
कीर्ती

ता. क. धुऊ नकोस. या वेळी लिहून दिलं आहे.