बांधावरची हरणी

औंढा नागनाथ,
१५ सप्टेंबर १९९८

प्रिय धम्मानंददादास,

ज्योतीचा सप्रेम जयभीम. तुम्ही सगळे खुशाल असाल. मी रागात आहे.

रविवारी घरी आले तेव्हा राणीच्या खाटेला बांधलेलं हरणाचं पाडस पाहिलं. तुरीत एकटं सापडलं, त्याची आई मेली, असं तू म्हणालास. पण एसटीपर्यंत सोडायला आलेली आई म्हणाली की हरणी रोज सांजेला बांधावर येऊन उभी राहते.

राणी तान्ही असताना वहिनी तिला बाभळीला झोळीत निजवून शेताच्या दुसऱ्या टोकाला खुरपत असायची. कोणी पोरगी बेवारस समजून उचलून नेली असती, तर तू त्याला सोडलं असतंस का? हरणीही पिल्लू पिकात लपवूनच चरायला जाते. ती येते आहे तोवर ते होतं तिथं नेऊन ठेव.

माया आहे म्हणून बोलते.

तुझी,
ज्योती

डोंगरकडा,
२१ सप्टेंबर १९९८

चि. ज्योतीस जयभीम व आशीर्वाद.

नोकरी लागल्यापासून तू आमालाच शिकवून राहिलीस. राणी त्याला बाटलीनं दूध पाजते. रानात कोल्ह्यानं फाडलं असतं, ते बरं होतं काय? हरणी चार दिवसांपासून आली न्हाई, म्हणजे विषय मिटला. सुट्टीत ये, राग तिकडंच ठेवून ये.

तुझा भाऊ,
धम्मानंद

डोंगरकडा,
८ फेब्रुवारी १९९९

चि. ज्योतीस जयभीम.

पाडसाला शिंगं फुटली, त्यानं आईला धडक देऊन पाडलं. हाताला मुका मार आहे. म्हणून परवा त्याला रानात सोडलं. समोर कळप होता, पण ते माझ्याच मागं येऊन राहिलं. ढेकळं मारून परतवलं. तेवढ्यात वस्तीवरची कुत्री आली. कळप उधळला, हे जागचं हललं न्हाई. आपला काळ्या कुत्रा रोज त्याच्याजवळच निजायचा, म्हणून कुत्र्याला भ्यायचं पाडसाला ठाऊकच नव्हतं. मी पोचलो तोवर संपलं होतं.

राणीला मी सांगितलं, ते कळपात रमलं. तू आलीस की हेच सांग. लेकरू खुश आहे.

तुझा,
धम्मानंद

औंढा नागनाथ,
१३ फेब्रुवारी १९९९

दादास जयभीम.

पत्र वाचून आधी रडले, मग संताप आला. आईचा हात शेकत जा.

राणीला मी खोटं सांगणार नाही. ते कळपात रमलं असं तिला वाटलं, तर उद्या तुरीत दुसरं पिल्लू दिसताच ती हौसेनं उचलून आणेल. तिला जवळ बसव आणि बांधावरच्या हरणीपासून सगळं तूच सांग. रुसली तर रुसू दे. आता तिला लिहिता येतं. बाबांनी खरं सांगितलं, असं तिच्या हातचं पत्र आलं की मी पहिल्या गाडीनं येते. तोवर मला बोलावू नकोस.

तुझीच,
ज्योती